ग्रीक मास्तर

झ्यूस हे नाव कुठेही कानावर पडलं की मला आधी संत्र्याचा वास येतो आणि मग गजभिये सर आठवतात.

त्याला कारण आमच्या शाळेतली सहावी 'ब'. इतिहासाच्या तासाला सरांनी फळ्यावर टपोऱ्या अक्षरांत नाव लिहिलं, वर्गाकडे वळले आणि म्हणाले, "हा झ्यूस. ग्रीक लोकाईच्या देवाईचा राजा." मागच्या बाकावरून लगेच प्रश्न आला, "संत्र्याचा का मोसंबीचा, सर?" दुसरा कोणी मास्तर असता तर त्या पोराला बाकावर उभं केलं असतं. सरांनी क्षणभर नीट विचार केला आणि निकाल दिला, "संत्र्याचा. राजा आहे तो. मोसंबी आजाऱ्याले देते."

हे सगळं मी पाहिलेलं नाही, ऐकलेलं आहे. माझा गणिताचा वर्ग शेजारी आणि मध्ये भिंतीऐवजी लाकडी पार्टिशन. पलीकडे ट्रॉय जळायला लागलं की माझ्या वर्गात त्रैराशिक बंद पडायचं. मी मूळची साताऱ्याची, लग्न होऊन नागपूरला आलेली, आणि पोर्शन वेळेत संपवणं हाच माझा धर्म. पाठ्यपुस्तकात ग्रीकांना जेमतेम अर्धं पान दिलेलं होतं. सरांनी ते दिवाळीपर्यंत पुरवलं. मी स्टाफरूममध्ये तक्रार केली तर म्हणाले, "मॅडम, तुमचा पाढा कोणी शिकवला तरी तोच येते. माह्या देवाईचं तसं नाही. ते रोज नवीन लफडं करते."

सर उंच, किडकिडीत, कायम पांढऱ्या शर्टात, आणि चेहरा असा की हा माणूस आत्ता कोणाला तरी नापास करून आला असावा. या चेहऱ्याने ते जे सांगायचे ते ऐकून हसावं की वहीत उतरवून घ्यावं, हे पोरांना कळायचं नाही. देवांविषयी ते नेहमी वाटेत भेटल्यासारखं बोलायचे. "आज बर्डीच्या बाजारात हर्मीस दिसला," असं एकदा त्यांनी चहा पिता पिता सांगितलं. हर्मीस म्हणजे देवांचा निरोप्या, पायाला पंख असलेला. "पाठीवर पार्सलची बॅग, डोक्यावर हेल्मेट. व्हरायटी चौकातला सिग्नल तोडून पळाला." मी म्हटलं, "अहो, तो जेवणाचे डबे पोचवणारा कोणीतरी असेल." ते म्हणाले, "नागपुरात हेल्मेट घातलं होतं, मॅडम. माणूस कसा असन?"

त्यांची खरी पंचाईत व्हायची ती नात्यांपाशी. ग्रीक देवांच्या घरात कोण कोणाचं कोण लागतं याला काही धरबंध नाही. झ्यूसची बायको हेरा, ती त्याची सख्खी बहीणच. हे मराठी माध्यमाच्या सहावीला कसं सांगणार? सरांनी ती 'दूरची बहीण' करून टाकली. पण आमची पोरं काही कमी नव्हती. "किती दूरची, सर?" "लय दूरची." "म्हणजे कोठची?" सर अडकले. मग पार्टिशनपलीकडून उत्तर आलं, "उमरेडच्याबी पलीकडची." माझ्या वर्गातली उमरेडची पोरगी हे ऐकून फार दुखावली होती.

एक गोष्ट मात्र मला पुष्कळ दिवस खटकत होती. सर सगळ्या देवांना अरे-तुरे करत. झ्यूस आला, झ्यूस बोंबलला, झ्यूस बैल होऊन पळाला. पण प्रॉमिथिअस 'आले', प्रॉमिथिअस 'बसले', प्रॉमिथिअस 'यांनी' विचार केला. हा प्रॉमिथिअस म्हणजे देवांनी स्वतःपाशी दाबून ठेवलेला विस्तव चोरून माणसांना आणून देणारा. त्यापायी झ्यूसने त्याला डोंगरावर साखळदंडांनी बांधलं आणि गरुड रोज येऊन त्याचं काळीज खायचा. (यावर एका पोराने "गरुडाले रोज कलेजी अन् आमाले फक्त संडेले" असा निषेध नोंदवला होता.) मी एकदा विचारलंच, "सर, राजाला एकेरी आणि चोराला अहो-जाहो, हे कुठलं व्याकरण?"

"देवाले तर सगळेच अरे-तुरे करते, मॅडम," ते म्हणाले. "मान त्याले द्याचा ज्यानं माणसासाठी काही केलं. विस्तव देवाईच्या घरात, अन् आपण त्याले शिवाचं नाही! प्रॉमिथिअस म्हणाले, असं कसं चालन?" एवढं बोलून ते उठले आणि पाचवीच्या वर्गावर गेले. मी त्या वाक्यावर दिवसभर विचार करत राहिले.

त्याचा उलगडा पुढे त्यांच्या घरी गेल्यावर झाला. घरात सर आणि त्यांची आई. सरांनी लग्न केलं नाही. का, असं विचारलं तर "त्या झ्यूसचे हाल पाहिले ना" म्हणायचे. आईंना सगळी गल्ली 'माय' म्हणे. ऐंशी ओलांडलेल्या, बुटक्या, गुडघ्यांनी अधू आणि जिभेने धडधाकट. छप्पन साली त्या लहान होत्या. त्यांचे वडील नागपूरहून धम्मदीक्षा घेऊन आले, दुसऱ्या दिवशी देव्हाऱ्यातले सगळे देव त्यांनी एका टोपलीत भरले आणि ती टोपली या पोरीच्या डोक्यावर दिली. नदीपर्यंत माय ती घेऊन चालल्या. हे त्या मला तांदूळ निवडता निवडता सांगत होत्या.

"भीती नाही वाटली?" मी विचारलं.

"वाटली ना जी. पण टोपली डोक्श्यावर घेतली अन् पाह्यलं, तर हलकी! म्या बापाले म्हटलं, एवढ्याशा वजनाले आपण एवढे भेत होतो काय?"

तेव्हापासून त्या घरात देव नाही. देवाची तसबीर नाही, कॅलेंडरवरसुद्धा नाही. आणि अशा घरात आमच्या सरांना वेड लागलं ते ग्रीक देवांचं! कॉलेजात असताना ते ग्रीक गोष्टींचं एक जाडं पुस्तक घरी घेऊन आले, तर मायने चित्रं चाळली आणि पुस्तक दाराबाहेर नेऊन ठेवलं. "माह्या बापानं होते ते देव सोडले," त्या म्हणाल्या, "अन् तू बाहेरदेशातून गाडीभर घेऊन आला काय बे?" त्यानंतर घरात ग्रीकांचं नाव काढायची सोय नव्हती. सहावीच्या पोरांना, स्टाफरूमला, पानठेल्यावरच्या लोकांना सर गोष्टी सांगत, घरी गप्प.

"मॅडम, मले मायले एकच गोठ सांगाची आहे," एकदा ते मला म्हणाले. "प्रॉमिथिअसची. तिले आवडन. तिच्यासाठीच आहे ती. पण सुरुवात केली का त्याच्यात पह्यले देवच येते." पन्नाशी उलटलेला माणूस हे सांगताना इतका हिरमुसला होता की मला हसू आवरेना आणि वाईटही वाटलं.

अशा परिस्थितीत शहाणा माणूस गप्प बसला असता. सरांनी झ्यूस विकत घेतला.

बर्डीच्या फुटपाथवर शोभेच्या वस्तू विकणाऱ्याकडे त्यांना तो दिसला. हातभर उंच, पांढरा, दाढीवाला, कमरेला कापड गुंडाळलेला आणि एक हात उगारून त्यात वीज धरलेली. विकणारा म्हणत होता, "ले जाओ साब, विदेशी बाबा है." विजेचं टोक वाटेत ऑटोत आपटून तुटलं आणि हातात बोटभर पांढरा तुकडा तेवढा उरला. सर घरी आले, माय दारातच बसलेल्या.

"हा कोण?"

"मास्तर आहे, माय," सरांच्या तोंडून निघून गेलं. "ग्रीक देशातला लय मोठा मास्तर."

"अन् हातात काय आहे?"

"खडू."

झ्यूसचा मास्तर झाला. मायला शिकलेल्या माणसाविषयी अतोनात आदर. त्यांनी त्याला पुस्तकांच्या कपाटावर मानाची जागा दिली. रोज सकाळी ओल्या फडक्याने पुसायच्या. नाव विचारलं तर सर म्हणाले, नाव फार लांबलचक आहे, नुसतं 'ग्रीक मास्तर' म्हण. मग ग्रीक मास्तरांच्या प्रकृतीची चौकशी सुरू झाली. "आंगात सदरा नाही बिचाऱ्याच्या," माय मला एकदा हळहळून म्हणाल्या. "पगार भेटत नसन. विनाअनुदानित शाळेत असन."

मला चहा गिळवेना. सर आमच्या दोघींकडे पाठ करून खिडकीतून बाहेर बघत होते आणि त्यांचे खांदे हलत होते.

पण हसू हळूहळू ओसरलं. माय विचारायच्या, "यानं काय काय शिकवलं?" आणि सरांना रोज काहीतरी रचावं लागे. एकदा त्या सरांना रागावल्या, "ग्रीक मास्तर कसा ताठ उभा आहे पाह्य, नाहीतर तू!" सरांनी शाळेत येऊन मला सांगितलं, "मॅडम, आता लय झालं. खरं सांगितलं तर ती मूर्ती फेकन, त्याचं काही नाही. पण मंग माही गोठ कायमची गेली." मी म्हटलं, सांगून मोकळे व्हा. ते 'उद्या' म्हणाले. त्यांचा उद्या उजाडण्याआधी शिक्षकदिन उजाडला.

त्या संध्याकाळी मी त्यांच्याकडे चहाला गेले होते. तेवढ्यात प्रणाली आली. आमची जुनी विद्यार्थिनी, आता मिहानमधल्या एका कंपनीत नोकरीला. मिठाईचा डबा मायच्या हातात देता देता तिची नजर कपाटावर गेली.

"सर! झ्यूस!" ती किंचाळलीच. "तुमच्याकडं झ्यूस आहे!"

सरांनी डोळ्यांनी खुणा केल्या. मी तिच्या पायावर पाय दिला. काही उपयोग झाला नाही; सरांनी शिकवलेलं विसरणाऱ्यातली ती पोरगी नव्हती. "माय, तुमाले माहीत आहे का हा कोण? ग्रीक देवाईचा राजा! हातात वीज आहे त्याच्या. ज्याच्यावर टाकली तो खलास!"

"कोणाचा राजा?" मायने विचारलं.

"देवाईचा."

"मास्तर नाही?"

"मास्तर कोठचा जी! देव आहे, देव."

माय उठल्या आणि मिठाईचा डबा माझ्या हातात दिला. कोपऱ्यातल्या टोपलीतली वांगी त्यांनी फरशीवर ओतली, कपाटावरून झ्यूसला खाली घेतला, टोपलीत आडवा घातला आणि टोपली कमरेवर घेतली. "चाल," सरांना म्हणाल्या.

"कोठी, माय?"

"नदीवर."

आमची वरात निघाली. पुढे माय, मागे सर, त्यांच्यामागे रडवेली प्रणाली आणि शेवटी मी, हातात मिठाईचा डबा तसाच. गल्लीतल्या एका बाईने विचारलं, "काय नेऊन राहिली वं माय?" माय म्हणाल्या, "देव." "कोणता?" "इंपोर्टेड."

गल्लीच्या टोकाला गुडघ्यांनी दगा दिला. किराणा दुकानाच्या ओट्यावर माय बसल्या, टोपली मांडीवर घेतली. सर समोर उभे.

"हलकाच आहे हाबी," माय म्हणाल्या.

"पीओपीचा आहे, माय."

"पंचशीलातलं चौथं शील काय आहे रे?"

पांढरा शर्ट घातलेले, केस पिकलेले, इतिहासाचे गजभिये सर भर गल्लीत हात बांधून म्हणाले, "खोटं बोलणार नाही."

"रोज म्हणते ना सकाळी?"

"म्हणतो."

"देव आणला त्याचा राग नाही मले. मले फसवलं तुनं. म्या त्याले रोज पुसलं, मास्तर म्हणून." सरांनी मान खाली घातली. मला तिथून निघून जावंसं वाटत होतं, पण मिठाईचा डबा माझ्या हातात होता.

मग मायने सरांवरचं लक्ष काढून झ्यूसची खरी चौकशी सुरू केली.

"याचं देऊळ आहे?"

"होतं. पडलं."

"पुजारी?"

"कधीचेच मेले."

"दारात कोणी अडवते?"

"नाही माय. तिकीट काढलं का कोणीबी जाते. चपला घालून."

"चपला घालून?" माय चमकल्या. "आतपर्यंत?"

"पार आतपर्यंत. फोटो काढते अन् येते."

मायने टोपलीत वाकून पाहिलं. मघाचा राग त्या चेहऱ्यावर नव्हता. "नवस कोणी बोलते?"

"कोणीच नाही."

"मंग खाते काय हा?"

"काही नाही. गोठीतच जगते, माय. कोणी सांगितली तर."

"मंग याले देव काहून म्हणता? बेकार म्हणा बेकार." त्यांनी टोपली सरांकडे दिली. "देव म्हणून माह्या घरात राहाचा नाही. पाहुणा म्हणून राहीन तर राहो. हात कोणी जोडाचा नाही, फूल वाहाचं नाही. अन् तू."

"हो, माय."

"तू खोटं बोलला, त्याची सजा. आता याचं सगळं खरं सांगाचं मले. पह्यल्यापासून. रोज."

शिक्षा ऐकून इतका सुखावलेला गुन्हेगार मी जन्मात पाहिला नाही. सरांचा तो नापास करणारा चेहरा पार विरघळला. प्रणालीला वाटलं ते रडतायत, म्हणून ती अजूनच रडायला लागली. शेवटी मायनेच मिठाईचा डबा उघडायला लावला.

त्यानंतरचं वर्ष हे सरांच्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं वर्ष असावं. दुसऱ्याच दिवशी त्यांनी प्रॉमिथिअस सांगितला. शाळेत आले तेव्हा डोळे सुजलेले होते.

"मॅडम, म्या म्हटलं त्यांनी विस्तव आणला. तर माय म्हणे, कोणासाठी? म्हटलं, सगळ्यासाठी. ती म्हणे, सगळ्यासाठी म्हणजे आपल्यासाठीबी? म्हटलं, हो माय, आपल्यासाठीबी. मंग ती लय वेळ बोललीच नाही."

"मग?" मी विचारलं.

"मंग उठली अन् झ्यूसचं तोंड भिंतीकडं फिरवून ठेवलं."

ही प्रथाच पडली. झ्यूसने गोष्टीत आगळीक केली की त्याला भिंतीकडे तोंड. त्याचा स्वभाव पाहता तो खोलीकडे बघत असल्याचे दिवस विरळाच. स्टाफरूममध्ये आमचा रोजचा प्रश्न ठरून गेला, "आज पाहुणे कुठे?" आणि सर खुर्ची ओढत म्हणायचे, "भिंतीकडं." हेराबद्दल मात्र मायला फार कणव. "दूरची बहीण" चालली नाही. खरं सांगायची शिक्षा होती. माय म्हणाल्या, "सख्खी? मंग माहेरीबी जाता येत नसन बिचारीले. माहेरबी तेच अन् सासरबी तेच." गेली कित्येक वर्षं मी ही गोष्ट पार्टिशनमधून ऐकत होते, पण हेराचं दुखणं हे असं कधी माझ्या डोक्यात आलं नव्हतं.

पुढच्या वर्षी मी निवृत्त झाले आणि मुलीकडे पुण्याला जायचं ठरलं. निरोप घ्यायला सरांकडे गेले तो तान्ह्या पोळ्याचा दिवस होता. ज्यांनी नागपूर पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी सांगते: पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी इथली पोरंटोरं चाकांवरचे लाकडी बैल सजवून दारोदार फिरवतात आणि प्रत्येक घरातून त्यांना खाऊ मिळतो. गल्लीभर चाकांची खडखड चालली होती.

मी दारात चप्पल काढतेय तोच माय म्हणाल्या, "बसा जी गणितवाल्या मॅडम, पण बोलू नका. ते अजून घोड्यातच आहेत."

सर जमिनीवर मांडी घालून बसले होते, त्यांनी मला नुसती मान हलवली. ट्रॉयची गोष्ट चालली होती. दहा वर्षं लढून वेशी मोडत नाहीत म्हणून ग्रीकांनी भलामोठा लाकडी घोडा केला, त्याच्या पोटात माणसं लपवली, घोडा वेशीबाहेर ठेवला आणि परत गेल्याचं सोंग केलं.

"अन् ट्रॉयच्या लोकाईनं तो ओढत आत घेतला," सर म्हणाले. "रात्री पोटातले लोक बाहेर आले अन् सारं गाव जाळलं. सारी दुनिया ट्रॉयवाल्याईले मूर्ख म्हणते."

"मूर्ख काहून?" माय म्हणाल्या. "दारात लाकडाचा बैल आला तर कोणी परत धाडते काय? घरच्या माणसाचा धर्म आहे तो. त्याईनं बरोबर केलं. ज्यानं आत माणसं लपवली तो हलकट."

सर आ वासून बघत राहिले. एवढी वर्षं ही गोष्ट ते सांगत होते.

तेवढ्यात दारात खडखड झाली. झिरमिळ्यांनी सजवलेला लाकडी बैल घेऊन गल्लीतली एक चिमुरडी उभी होती. मायने खाऊचा डबा जवळ ओढला. मग थांबल्या. हात लांब करून बैल पुढे घेतला आणि बोटाच्या पेराने त्याच्या पोटावर टकटक केलं. कान लावून ऐकलं.

"काय पाहून राहिली वं आजी?" पोरीने विचारलं.

"आत कोणी आहे काय ते."

"कोणी नाही जी. लाकूडच आहे."

"पाहून घेतलेलं बरं." आणि त्यांनी तिच्या ओंजळीत चॉकलेटं घातली.

सरांना हसू आवरेना. "माय, ट्रॉयवाल्याईनं असं ठोकून पाह्यलं असतं तर गोठच संपली असती ना तिथं!"

"संपली असती तर संपली असती," माय म्हणाल्या. "माणसं तर वाचली असती."

सर हसता हसता थांबले. बाहेर पुन्हा चाकं वाजली, दुसरी पोरं आली. मायचे गुडघे दुखत होते, म्हणून या वेळी सर उठले, दारात उकिडवे बसले आणि त्या बैलाच्या पोटाला कान लावून टकटक करायला लागले.